एका मुलीचे तीन माहितीपट: खान्देशातलं एक प्रकरण

अमळनेर आणि पारोळ्याच्या मधल्या पट्ट्यातली एक मुलगी. आज ती व्यावसायिक नाटकात काम करते, दोन मालिकांतही तिचा चेहरा दिसून गेला. तिची ओळख करून देताना लोक हमखास म्हणतात, "ही लहानपणी माहितीपटांत होती, तेव्हाच कॅमेऱ्याची भीती गेली." तिचे ते तिन्ही लघुमाहितीपट झाले तेव्हा मी तिथे होतो. पहिल्या दोहोंत आवाज मुद्रित करणारा होतो, तिसऱ्यात सहदिग्दर्शक. कॅमेऱ्याची भीती जाण्याचा आणि तिच्या अभिनयाचा संबंध मला तरी दिसला नाही. तिथे जे घडलं ते वेगळं होतं आणि त्यातलं बरंचसं आमच्या चुकीतून घडलं. ते सविस्तर लिहून ठेवावं म्हणून हे प्रकरण. तिला विचारून लिहितोय. नाव देत नाही, कारण तिची आई आणि मिरची वाळवण्याच्या पथारीवरच्या बायाही यात आहेत आणि त्यांना कोणी शोधत जाऊ नये.

धाब्यावरची राखण, मे 2009

पहिला माहितीपट बिबड्यांवर होता. खान्देशाबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो: बिबडे म्हणजे ज्वारीचे पापड, पण पापडासारखे लाटून होत नाहीत. ज्वारी तीन दिवस भिजत घालायची, धुवायची, दळायची. मग मोठ्या पातेल्यात मीठ, जिरं, तीळ, तिखट घालून ते पीठ शिजवायचं. त्या गरम घाट्याला ओल्या हाताने थापून धाब्यावर, म्हणजे घराच्या सपाट मातीच्या छतावर, पसरलेल्या जुन्या लुगड्यावर गोल घालायचे. हे सगळं पहाटेच उरकावं लागतं, कारण मे महिन्यात आमच्याकडे नऊनंतर धाब्यावर पाय ठेववत नाही. चार-पाच घरच्या बाया एकत्र येतात. पोरांना घाटा खायला मिळतो, वर कच्चं तेल टाकून. त्या बदल्यात पोरांनी दिवसभर कावळे हाकलायचे.

ती तेव्हा नऊ वर्षांची. तिच्या हातात तुरीची काडी होती आणि काडीला फडकं बांधलेलं. कथेत तिचा भाग नव्हताच. दिग्दर्शकाला शिजणारं पातेलं हवं होतं, पण चूल पडवीत आणि पडवीत अंधार. शेवटी घरधन्याला विचारून पडवीवरचे दोन पत्रे काढले. 1922च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ'मध्ये रॉबर्ट फ्लॅहर्टीनेही उजेडासाठी बर्फाच्या घराची एक बाजू उघडी ठेवली होती. नानूक म्हणून जगाला माहीत झालेल्या माणसाचं खरं नाव अलाकारिअलक होतं आणि पडद्यावरची त्याची बायको त्याची बायको नव्हती. हे मला खूप नंतर कळलं. त्या पहाटे आम्ही निरागसपणे पत्रे काढत होतो आणि घरची मंडळी पाहुण्यांसाठी शिडी धरून उभी होती.

पत्रे काढेपर्यंत कॅमेरा धाब्यावर मोकळा होता. कॅमेरामनने सहज तिच्याकडे वळवला. तिने काडी उगारली, कावळा उडाला, दोन हात पलीकडे जाऊन बसला. ती आमच्याकडे वळून म्हणाली, "कावळासले बठ्ठं समजस." कावळ्यांना सगळं समजतं. बस, एवढंच. मग तिने विचारलं, "आखो हाकलू का?"

आणखी हाकलू का, हा प्रश्न मी हेडफोनमध्ये ऐकला आणि तेव्हा मला तो गोड वाटला. आज त्याच्याकडे वेगळ्या नजरेने बघतो. कॅमेरा आहे म्हणजे पुन्हा करावं लागणार, हे नऊ वर्षांच्या मुलीने कोणी न सांगता ओळखलं होतं. दिग्दर्शक म्हणाला, एकदाच. कारण साधं होतं. आमच्याकडे सोनी पीडी-170 हा टेपवाला कॅमेरा होता, 60 मिनिटांच्या छोट्या कॅसेटवर त्याच्या डीव्हीकॅम पद्धतीत 40 मिनिटंच मावायची आणि तीन दिवसांसाठी सहा कॅसेट होत्या. टेप महाग, म्हणून पोर वाचली. तिची आई खालून ओरडत होती, "पोरले ऊनमा उभी नका ठेवा!"

माहितीपट शहरात संपादित झाला. तिथे ठरलं की अहिराणी सगळ्यांना कळणार नाही. खाली अक्षरं द्यायला पैसे नव्हते, म्हणून सगळ्यांच्या तोंडी प्रमाण मराठी घातलं. तिच्या वाक्याला कुणा दुसऱ्याच मुलीचा आवाज दिला गेला: "कावळ्यांना सगळं कळतं." गावच्या शाळेत पडदा लावून दाखवलं तेव्हा मुलांनी आरडाओरड केली, तिला ढकललं, नाव घेऊन चिडवलं. ती पडद्याकडे बघत राहिली आणि मग आईला म्हणाली, "हाई मी नही."

हे वाक्य मी शेजारी उभा राहून ऐकलं. माझ्या पेशातल्या माणसाला याहून मोठी फटकार नसावी, कारण आवाज हेच माझं काम होतं. शेवटच्या पाटीवर 'ग्रामस्थांचे आभार' असं होतं. तिला कंपासपेटी आणि सहा वह्या दिल्या.

नाव न देण्याचा हा प्रकार आमच्या टोळीने शोधलेला नव्हता. फिल्म्स डिव्हिजन 1948मध्ये सुरू झालं तेव्हापासून थिएटरात मुख्य चित्रपटाआधी असे अनुबोधपट दाखवले जायचे. माझ्या पिढीने 'फिल्म्स डिव्हिजन की भेंट' ही पाटी शेकडो वेळा पाहिली आहे. नांगरणारा शेतकरी, विणकर, मडकी करणारी बाई, लसीची सुई टोचून घेणारं मूल. कॅमेरामनचं नाव असायचं, संगीतकाराचं असायचं. नांगरणाऱ्याचं मला एकदाही वाचल्याचं आठवत नाही. तो 'जीवन' होता ना, त्याला नाव कशाला. आम्ही तीच सवय पुढे चालवली.

वेचलेला कापूस पुन्हा बोंडात, नोव्हेंबर 2012

दुसरा माहितीपट कापूस वेचणीवर. दिवाळीची सुट्टी होती आणि ती आईबरोबर वेचणीला जात होती. दिग्दर्शक तोच. त्याला तिचा चेहरा आठवत होता, आणि मी स्वतः म्हणालो होतो की ती पोरगी उन्हात डोळे मिचकावत नाही.

या वेळी कॅमेरा डीएसएलआर होता. टेप गेली, कार्ड आलं. बारा मिनिटांनी क्लिप तुटायची एवढीच अडचण. नाहीतर घ्या, पुसा, पुन्हा घ्या. या तांत्रिक बदलाबद्दल लिहिताना लोक चित्राचा दर्जा, उथळ फोकस वगैरे लिहितात. ज्याचं चित्र घेतलं जातं त्याच्यासाठी खरा बदल वेगळाच होता: 'पुन्हा' फुकट झालं. 2009मध्ये एकदा, 2012मध्ये अकरा वेळा. मी मोजले होते, कारण प्रत्येक वेळी आवाजाची नोंद मलाच लिहायची होती.

दृश्य साधं. झाड हातात धरायचं, चार बोंडांचा कापूस ओढायचा, ओटीत टाकायचा, पुढे सरकायचं. फोकस उथळ असल्याने हात थोडा पुढे आला तरी धूसर. पहिल्या तीन वेळा बोट चुकलं, चौथ्या वेळी ट्रॅक्टर वाजला, पाचव्या वेळी ढग. दर वेळी नवं झाड शोधावं लागे, कारण आधीचं वेचून झालेलं. उजेड उतरत होता. सातव्या वेळी दिग्दर्शक म्हणाला, "हेच झाड पाहिजे होतं, मागे आंबा येत होता." ती काही न बोलता ओटीतला कापूस काढून बसली. एक एक पुंजका घेऊन तिने रिकाम्या बोंडात परत बसवला. चारही पाकळ्यांत नीट, वरून फुगवून, खालचा काडीकचरा झटकून. बोंडाची वाळलेली टोकं टाचणीसारखी टोचतात. तिच्या अंगठ्याच्या बाजूला रक्ताचा थेंब आला, तो तिने परकराला पुसला, कारण कापसाला लागला असता तर दिसला असता. मग उभी राहिली आणि म्हणाली, "हां, भाऊ."

तिची आई दोन ओळी पलीकडून बघत होती. आयुष्यभर कापूस बोंडातून काढणाऱ्या बाईने पहिल्यांदाच कोणाला तो परत घालताना पाहिलं असणार. ती हसली नाही. "याले काय म्हंतस?" एवढंच तिने विचारलं. याला काय म्हणतात?

माझ्या मते तिच्या अभिनयाची सुरुवात शोधायची असेल तर ती इथे आहे. कापूस परत घातला त्या क्षणी ती वेचणारी मुलगी राहिली नव्हती. वेचणाऱ्या मुलीचं काम करत होती. त्यापुढचे चार प्रयत्न बघितले तर कळतं, प्रत्येक वेळी तिसऱ्या बोंडाशी ती बोट किंचित मागे घेते. टोचल्यासारखं. पहिल्यांदा खरोखर टोचलं होतं. नंतरच्या वेळी टोचत नव्हतं, कारण ती टोकं तिने स्वतः वाकवली होती. तरी बोट मागे येतं, त्याच ठिकाणी, तेवढंच. हे तिला कोणी शिकवलं नव्हतं.

संध्याकाळी वजनकाटा लागला. वेचणीची मजुरी किलोवर असते. तिच्या आईचे एरवी दिवसाला 40 किलोच्या आसपास भरायचे, त्या दिवशी 22 भरले, कारण आम्ही त्यांनाही तीनदा थांबवलं होतं. मुलीने आमच्यासमोर येऊन हिशोब सांगितला: "मायना अठरा किलो कमी भरनात." दिग्दर्शकाने तेवढ्याचे पैसे दिले आणि वर तिला शंभराची नोट दिली. तिने नोट आईकडे दिली. आम्ही दिलं ते आईचं नुकसान होतं. तिने अकरा वेळा केलेल्या कामाची मजुरी कुणी काढलीच नाही; ते काम आहे असं कुणाच्या डोक्यातही नव्हतं. तिचा हिशोब मात्र पक्का होता. तिने फक्त मोजता येणारं मागितलं.

बालकामगार कायद्यात 2016मध्ये दुरुस्ती झाली. चौदा वर्षांखालच्या मुलांना कामावर ठेवायला बंदी आली आणि कलावंत मुलांना अटींसह सूट मिळाली. 2017च्या नियमांनुसार बालकलाकाराला दिवसात पाच तासांहून जास्त आणि सलग तीन तासांहून जास्त काम देता येत नाही, आणि त्याच्या कमाईचा किमान 20 टक्के भाग त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावा लागतो. आमची पहिली दोन चित्रीकरणं त्याच्या आधीची. पण नियम तेव्हा असते तरी आम्ही पाळले असते का? प्रामाणिकपणे सांगायचं तर नाही. आम्ही म्हणालो असतो, ही कलाकार कुठे आहे, ही तर रोजचंच काम करतेय. माहितीपटवाल्यांची ही पळवाट फार जुनी आहे.

या वेळी तिचा आवाज मात्र राखला. मी हट्ट धरला आणि खाली मराठी अक्षरं दिली. नाव याही वेळी नव्हतं.

नंदुरबारची पथारी, डिसेंबर 2016

तिसरं प्रकरण सगळ्यात जड आहे आणि त्याची जबाबदारी माझी आहे.

नंदुरबारच्या मिरच्या देशभर जातात. ओली लाल मिरची बाजार समितीत येते, व्यापारी ती घेतात आणि गावाबाहेर मोकळ्या जागेवर वाळत घालतात. त्या जागेला पथारी म्हणतात. लांबून बघितलं तर जमिनीला लाल रंग दिल्यासारखं दिसतं. तिथे बाया ओळीने बसून मिरचीचे देठ खुडतात. नाकातोंडाला फडकं बांधलेलं असतं, तरी खोकला थांबत नाही. अवकाळी पाऊस आला की सगळं काळं पडतं आणि व्यापाऱ्यापासून मजुरापर्यंत सगळे आडवे होतात.

आम्हाला पथारीवर माहितीपट करायचा होता. दोन दिवस राहिलो आणि लक्षात आलं, कामाच्या बायांना थांबवता येत नाही. थांबल्या की मजुरी बुडते. 2012चा काटा मी विसरलो नव्हतो. मग मीच सुचवलं: आपल्या पोरीला आणू. ती अकरावीत होती, सोळा वर्षांची. तिला 'पुन्हा' कळतं. ती बसेल, बाया त्यांचं काम करत राहतील, कुणाचं नुकसान होणार नाही. हेतू चांगला होता आणि त्याच हेतूने घात केला.

ती आणि तिची आई अमळनेरहून सुरत लाइनच्या पॅसेंजरने आल्या. नरडाणा, दोंडाईचा, नंदुरबार. तिने कधी मिरची खुडली नव्हती. तिला ओळीत बसवलं तर शेजारच्या म्हाताऱ्या बाईने हातातलं काम न थांबवता विचारलं, "तू कोनी आंडेर शे? आठली नही दिखत." कुणाची मुलगी तू, इथली दिसत नाहीस. मुलीने खरं सांगितलं, शूटिंगसाठी आले. म्हातारीने क्षणभर कॅमेऱ्याकडे बघितलं. मग कनवटीची तेलाची बाटली काढली, मुलीचे दोन्ही हात ओढून घेतले आणि एकेका बोटाला, नखांच्या कडेकडेने, तेल चोळलं. रात्रीपर्यंत डोळ्याला हात लावू नको म्हणाली. मग तिच्या हातात मिरची ठेवून देठाला नख कुठे लावायचं ते दाखवलं: टोपी निघाली पाहिजे, मिरची फुटली नाही पाहिजे, बी सांडलं नाही पाहिजे.

कॅमेरा चालू होता. तीन दिवसांत आम्हाला मिळालेलं सगळ्यात चांगलं दृश्य तेच. एका अनोळखी मुलीच्या बोटांची काळजी घेणारी एक अनोळखी बाई.

आणि आम्ही त्या दृश्यावर निवेदन लिहिलं, की ही मुलगी रोज पहाटे आजीसोबत पथारीवर येते. ते वाक्य माझं. तेव्हा मला ते 'प्रातिनिधिक सत्य' वाटलं. अशा मुली तिथे येतच होत्या, मग हिच्या तोंडावर ते घातलं तर काय बिघडलं? बिघडलं हे, की ज्या येत होत्या त्या आमच्या चौकटीत मागे धूसर होत्या, आणि न येणारी पुढे स्पष्ट होती. आणि म्हातारीने परक्या पोरीला दिलेली माया आम्ही नात्याच्या खात्यात टाकून तिची किंमत कमी केली. आजीने नातीला तेल लावणं रीतीचं असतं. त्या बाईने जे केलं ते रीतीपलीकडचं होतं आणि ते आम्हाला दिसलंच नाही.

त्या महिन्यात एक गोष्ट अपघाताने बरी झाली. नोटाबंदीला महिना झाला होता, कुणाकडे रोख नव्हती. तिचं मानधन पहिल्यांदाच चेकने द्यावं लागलं. चेकवर तिचं पूर्ण नाव लिहिलं. सात वर्षांत आमच्या कुठल्याही कागदावर तिचं नाव आलं ते हेच पहिलं.

माहितीपट दोन महोत्सवांत दाखवला गेला. "किती सहज आहे ती मुलगी," लोक म्हणाले. एका ठिकाणी एका बाईंनी मला विचारलं, "ती शाळेत जाते का?" मी म्हणालो, "जाते, अधूनमधून." ती तेव्हा तिच्या वर्गात पहिल्या पाचांत होती.

मग आम्ही तो नंदुरबारला दाखवला, खुडणाऱ्या बायांना. कुणी भांडलं नाही, कुणी ओरडलं नाही. ते निवेदन आलं तेव्हा मागून एक आवाज आला, "रोज?" आणि हसणं. एका तरुण बाईने पडद्याकडे बोट करून शेजारणीला काही सांगितलं. नंतर मी विचारलं. ती म्हणाली, तिची बोटं बघा ना. रोज खुडणाऱ्या बाईची नखं अशी नसतात. मोठ्या महोत्सवांत जे कुणाला दिसलं नाही ते तिला एका नजरेत दिसलं. ज्यांचं जीवन आहे त्यांच्यापुढे खोटं टिकत नाही. म्हणून तर आपण बहुतेकदा माहितीपट त्यांना दाखवायला जातच नाही.

नंतर

2018मध्ये ती कॉलेजात गेली आणि विद्यापीठाच्या 'युवारंग' महोत्सवासाठी मूकनाट्याच्या निवडीला उभी राहिली. हातात काही न घेता काहीतरी करून दाखव, असं सांगितल्यावर तिने कापूस वेचला. तिसऱ्या बोंडाशी बोट मागे घेतलं. निवडणाऱ्या सरांनी विचारलं, हे कुठे शिकलीस? ती म्हणाली, "अकरा वेळा केलंय, सर." हे तिनेच मला फोनवर सांगितलं. त्यानंतर राज्य नाट्य स्पर्धा, मग मुंबई. गावात लोक म्हणायला लागले, स्मिता पाटीलही आपल्या शिरपूरच्याच. खान्देशात मुलगी पडद्यावर गेली की हे वाक्य येतंच. त्यात आनंद असतो. पण स्मिताच्या मागे राजकारणात असलेल्या वडिलांचं, शिरपूरच्या शिवाजीराव पाटलांचं घर होतं. या मुलीच्या मागे 22 किलोचा काटा होता, म्हणून दोघींना एका ओळीत बसवणं मला पटत नाही.

तिला मी एकदा सरळ विचारलं, त्या तिन्ही कामांनी तुला काय दिलं? तिने जरा विचार करून सांगितलं की पहिल्याने आवाज गेला की माणूस जातो हे कळलं, दुसऱ्याने तेच पुन्हा करता येतं हे कळलं. तिसऱ्याबद्दल ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "भाऊ, त्या माईने माझे हात धरले तेव्हा मी खरी होते. तुम्ही वरून बोललात तेव्हा खोटी झाले. मी काही खोटं केलं नव्हतं." नंतर पुष्कळ दिवस मला हे वाक्य सुटलं नाही.

2021च्या टाळेबंदीत आम्ही तिघे, म्हणजे मूळ दिग्दर्शक, ती आणि मी, तिन्ही माहितीपट पुन्हा उघडून बसलो. तिच्या अटी होत्या. शेवटच्या पाटीवर नावं यायची, फक्त तिचं नाही: आई, चूल पेटवणाऱ्या बाया, शिडी धरणारे, सगळे. गावाकडून फोनवर विचारून विचारून पहिल्या माहितीपटाची चौदा नावं जमली. दुसऱ्यात आईच्या नावापुढे तिने 'वेचणी' लिहायला लावलं आणि स्वतःच्या नावापुढे 'भूमिका'. दिग्दर्शक अडखळला, माहितीपटात भूमिका कशी लिहायची? ती म्हणाली, पहिल्या सहा वेळा वेचणी लिहा, सातव्यापासून भूमिका. चर्चा तिथेच संपली.

तिसऱ्यातलं माझं निवेदन काढलं. तेलाच्या दृश्यावर आता फक्त पथारीचा आवाज आहे, खोकला, दूरचा ट्रक, आणि त्याआधी एक ओळ येते: ही मुलगी अमळनेर भागातली आहे, चित्रीकरणासाठी आली होती, शेजारी बसणाऱ्या बाईंनी तिला काम शिकवलं. म्हातारीचं नाव मिळवायला पुढच्या हंगामात मी नंदुरबारला गेलो. पथारी तीच होती, बाया बदलल्या होत्या. दोघींनी दोन वेगवेगळी नावं सांगितली. म्हणून पाटीवर अजून तिचं नाव नाही, तिथे मोकळी जागा ठेवली आहे.

राहिला पहिल्या माहितीपटातला आवाज. मूळ कॅसेट एका लोखंडी पेटीत सापडली, बुरशी धरलेली. पीडी-170 कुणाकडे तरी अजून चालू होता, त्यावर ती तीन वेळा हळूहळू फिरवून घेतली. चित्र बऱ्याच जागी फुटलं होतं, पण आम्हाला फक्त ध्वनी हवा होता. आधी कावळा, मग काडीचा सपकारा, मग नऊ वर्षांची तिची आरोळी. "कावळासले बठ्ठं सम..." पुढचं अक्षर टेपवर तुटलंय. उसन्या आवाजाची मुलगी काढून टाकली आणि हे बसवलं. ओठांशी बरोबर जुळलं. तुटलेला भाग आजच्या तिच्या आवाजात भरून घेता येईल, असं मी सुचवलं होतं. तिने हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि म्हणाली, "नको, भाऊ. आहे तेवढंच राहू द्या."